माळ्यावरचे ३४६ जुने अंक: रद्दीच्या आधी काय काय करावं?

गोदाकाठ
नमस्कार मंडळी. जुन्या नाशकातला आमचा वाडा पुनर्विकासाला जातोय, वैशाख संपायच्या आत रिकामा करून द्यायचा आहे. माळ्यावरून दोन पत्र्याच्या ट्रंका आणि एक लाकडी पेटी खाली काढली, तर आत नुसती मासिकं! आजी १९३४ साली लग्न होऊन या घरात आली, तिची 'किर्लोस्कर', 'स्त्री' आणि 'मनोहर'. आजोबांची 'सत्यकथा'. बाबांचे 'हंस', 'नवल' आणि 'आवाज'चे दिवाळी अंक. आत्याचे 'चांदोबा'. दोन दिवस बसून मोजले, ३४६ भरले. साधारण चाळीसेक अंक वर्षावर्षाचे खंड करून बांधलेले आहेत, बाकी सुटे.

काही अंक अजून छान आहेत. काहींच्या कडा मात्र नुसत्या हात लावला तरी पापडासारख्या मोडतात. भाऊ म्हणतो, मोबाइलवर फोटो काढ आणि देऊन टाक. मला ते जमणार नाही. पण मुंबईच्या दोन खोल्यांत एवढं सगळं ठेवायला जागाही नाही. आधी काय करू? स्कॅन? दुरुस्ती? कोणाला देऊ?

पानसुपारी
कोणालाही काहीही देऊ नका आत्ता. भावालाही माळ्यावर जाऊ देऊ नका. :)

सनईचौघडा
आमच्याकडे हेच झालं. मी पुण्याहून पोचेपर्यंत काकांनी सगळं रद्दीवाल्याला घातलं होतं, बारा रुपये किलोने. धागा वाचून पोटात कालवलं.

शिळाप्रेस
गोदाकाठताई, मी एकतीस वर्षं ग्रंथालयात काढली. तुमच्या प्रश्नाचं उत्तर एका शब्दात देतो: यादी.

स्कॅन नंतर, दुरुस्ती नंतर, देणं तर सगळ्यात शेवटी. एक दोनशेपानी वही घ्या आणि प्रत्येक अंकाला एक ओळ द्या. अनुक्रमांक, मासिकाचं नाव, वर्ष आणि अंक क्रमांक (आतल्या पानावर 'वर्ष १२ वे, अंक ३ रा' असं छापलेलं असतं), महिना, किंमत, एकूण पानं, मुखपृष्ठ आहे की नाही, कुठली पानं गहाळ आहेत, कोणाची सही वा शिक्का आहे का, आणि प्रकृती कशी आहे. पेनने नाही, पेन्सिलीने. अंकावर काही लिहायचं नाही, क्रमांकाची चिठ्ठी आत ठेवायची.

एवढा आग्रह का, ते सांगतो. एका सद्गृहस्थांनी वडिलांचा संग्रह चार पोत्यांत भरून आमच्याकडे आणून दिला. बरोबर यादी नाही. आमच्याकडे माणसं कमी होती, 'सवडीने उघडू' म्हणत पोती मागच्या व्हरांड्यात गेली. दोन पावसाळ्यांनी उघडली तेव्हा निम्म्याची माती झाली होती, वाळवीने. त्यात काय होतं हे आज कोणालाच सांगता येणार नाही. यादी असती तर निदान काय गेलं ते कळलं असतं. खरं सांगायचं तर यादी असती तर पोती तशी पडून राहिलीच नसती, कारण नावं वाचली की माणूस उठून बघायला जातो.

शंकर गणेश दात्यांनी मराठी ग्रंथांची सूची केली, १८०० ते १९३७ चा एक खंड आणि पुढे १९५० पर्यंतचा दुसरा. आजही कुठलंही जुनं पुस्तक शोधताना आपण आधी तिथे जातो. तुमची वही हे त्याच जातीचं काम आहे, आकार लहान एवढंच.

रेवा२२
शिळाप्रेस काका, मुखपृष्ठ आणि पहिली दोन पानं गेलेली असतील तर अंक कुठल्या वर्षाचा ते कसं ओळखायचं? माझ्या आजोबांकडचे सात-आठ अंक असे बिनडोक्याचे आहेत.

आणेवारी
रेवा, माझा आवडता खेळ आहे हा. जाहिराती वाच.

किंमत आण्यांत असेल तर अंक बहुतेक १ एप्रिल १९५७ च्या आधीचा, कारण त्या दिवसापासून दशमान नाणी आली. 'न. पै.' म्हणजे नवे पैसे दिसले तर १९५७ ते १९६४ च्या मधला. नुसते 'पैसे' असतील तर त्यानंतरचा. पत्त्यात 'मुंबई राज्य' असेल तर १ मे १९६० च्या आधीचा. पत्ता 'गिरगाव, मुंबई ४' असा एका आकड्यावर थांबला असेल तर बहुधा ऑगस्ट १९७२ च्या आधीचा, कारण सहा आकडी पिनकोड तेव्हा सुरू झाला. हे सगळे दिवस काटेकोर धरायचे नाहीत, जुने ठसे छापखान्यात बरेच दिवस चालत, पण चार खुणा एकाच बाजूला बोट दाखवायला लागल्या की वर्ष सापडतं.

शके दिलं असेल तर ७८ मिळवायचे. पौष, माघ, फाल्गुन असेल तर एखाद्या वर्षाचा फरक पडतो, तिथे ७९ करून बघायचे. का. र. मित्रांच्या 'मनोरंजन'ने १९०९ साली पहिला दिवाळी अंक काढला, तो शके १८३१.

मलपृष्ठ
आणेवारींनी जाहिरातींचं नाव काढलंत म्हणून लिहिते. मी जुन्या जाहिरातींवर काम करते, आणि माझं सगळ्यात मोठं दुःख म्हणजे बांधलेले खंड. बाइंडरकडे वर्षाचे बारा अंक गेले की तो आधी मुखपृष्ठं काढायचा, मग पुढच्या-मागच्या जाहिरातींची पानं काढायचा, मग तिन्ही बाजूंनी कटरने साफ करायचा. खंड सुबक दिसायचा, कपाटात रांगेत बसायचा. ग्रंथालयंही हेच करत. त्यामुळे मजकूर उरला, पण त्या वर्षी लोक कुठला साबण वापरत होते, शिलाई यंत्र हप्त्याने मिळत होतं का, मुलींसाठी कुठल्या शाळेची जाहिरात होती, हे सगळं कचऱ्यात गेलं.

म्हणून गोदाकाठ, तुमच्या सुट्या अंकांची किंमत खंडांपेक्षा जास्त आहे. कृपा करून ते 'नीट राहावेत' म्हणून बांधायला टाकू नका.

गोदाकाठ
अरे देवा. उद्याच बाइंडरकडे जाणार होते मी! थांबवलं.

स्कॅनवाला_डोंबिवली
यादी वगैरे ठीक आहे, पण वैशाखापर्यंत वेळ किती आहे बघा. माझं मत वेगळं आहे. सरळ स्कॅन सुरू करा, यादी फाइलींच्या नावांतूनच तयार होते. १९४१-०१-स्त्री-००१ असं नाव दिलं की झाली यादी. आणि खंड असतील तर शिवण उसवून पानं सुटी करा, फ्लॅटबेड स्कॅनरवर एका दिवसात तीन खंड होतात. मी ३०० डीपीआयला (इंचाला ३०० ठिपके) करतो, बारीक टाइप असेल तर ४००. मूळ प्रत टिफमध्ये, वाटायला पीडीएफ.

शिळाप्रेस
डीपीआय आणि टिफबद्दल पूर्ण सहमत. उसवण्याबद्दल अजिबात नाही.

जुजबंदीची, म्हणजे पानांच्या घड्या दोऱ्याने एकत्र शिवलेली, शिवण असेल आणि कागद मजबूत असेल तर जाणकार माणूस उसवून पुन्हा शिवू शकतो. पण १९४० च्या दशकातला हलका कागद? युद्धामुळे तेव्हा चांगल्या कागदाची टंचाई होती, जो मिळेल त्यावर छापत. लाकडाच्या लगद्याचा कागद, त्यात लिग्निन हे लाकडातलं द्रव्य राहिलेलं, वर तुरटीची प्रक्रिया. तो स्वतःच्याच आम्लाने जळत असतो. उसवताना घडीवरच फाटेल आणि मग हातात सुटी पानंच उरतील. खंड सपाट उघडूच नये. दोन उशा दोन बाजूंना लावून काटकोनापेक्षा जरा जास्त उघडा आणि वरून कॅमेऱ्याने एकेक बाजू टिपा. आधी सगळी उजवी पानं, मग सगळी डावी.

आणि फाइलीच्या नावातून यादी होत नाही हो. 'पान ४३ कापलेलं' हे फाइलीच्या नावात कुठे लिहिणार?

स्कॅनवाला_डोंबिवली
मुद्दा मान्य. उशांची युक्ती चांगली आहे, उद्या करून बघतो.

कृष्णाकाठ_सांगली
ऑगस्ट २०१९ च्या पुरात आमच्या घरात साडेपाच फूट पाणी होतं, तीन दिवस. खालच्या तीन फळ्यांवरची मासिकं पाण्यात होती. पाणी उतरल्यावर जे केलं त्यातलं काय बरोबर आणि काय चूक हे आता कळतं, म्हणून लिहितो. कोणाच्या तरी उपयोगी पडेल.

चूक पहिली: गच्चीवर कडक उन्हात पसरली. वरून वाळली, आतून ओलीच राहिली, आणि चौथ्या दिवशी आत काळी-हिरवी बुरशी. कागद पिवळा पडला तो वेगळाच. दुसरी चूक: चिखल कापडाने पुसायला गेलो. ओल्या कागदावर चिखल पुसला की तो धाग्यांत शिरतो. वाळल्यावर मऊ ब्रशने झटकला असता तर निम्मा पडला असता.

बरोबर एकच गोष्ट केली, तीही बहिणीने सुचवली म्हणून. उरलेले अंक सावलीत, पंख्याच्या वाऱ्याखाली, दर दहा-पंधरा पानांमध्ये टीपकागद घालून ठेवले आणि टीपकागद दर चार तासांनी बदलले. टीपकागद संपले तेव्हा कोरं वर्तमानपत्री कागदाचं रीळ आणलं. छापील वर्तमानपत्र ओल्या अंकात घालू नका, शाई उतरते. असे एकशेदहा अंक वाचले.

दिवाळी अंकांतली गुळगुळीत आर्ट पेपरची पानं मात्र गेली. त्या कागदावर खडूसारखा थर असतो, तो भिजून वाळला की पानाला पान कायमचं चिकटतं. 'दीपावली'मधली चित्रकार दीनानाथ दलालांची रंगीत चित्रं एका पावासारख्या ठोकळ्यात अडकून पडली आहेत. टाकवत नाही. कपाटावर ठेवली आहेत.

मलपृष्ठ
वाचून गलबलून आलं. तो ठोकळा जपून ठेवा, कृष्णाकाठ. एखाद्या संवर्धकाला नक्की दाखवा.

तुळशीवृंदावन
उन्हाबद्दल असहमत. आमच्या घरी दसऱ्याच्या सुमारास पोथ्या आणि पुस्तकांना ऊन दाखवायची पद्धत होती, आजोबा स्वतः चटईवर मांडायचे. दीडशे वर्षांच्या पोथ्या अजून शाबूत आहेत.

शिळाप्रेस
पोथ्यांचा कागद हातकागद, चिंध्यांपासून केलेला. त्यात लिग्निन जवळजवळ नाही. शिवाय काजळीची शाई उन्हाने उडत नाही. म्हणून तुमच्या आजोबांचं त्या पोथ्यांपुरतं बरोबर होतं. मासिकाच्या कागदाला तेच ऊन चार दिवसांत तपकिरी करतं. हवा दाखवा, ऊन नको.

पोथ्यांकडून एक गोष्ट मात्र जरूर घ्यावी: बासन. सुती, न खळवलेलं, धुतलेलं कापड. प्लॅस्टिकच्या पिशवीत घट्ट बांधलेला अंक पावसाळ्यात घामाघूम होतो. सुती कापडात गुंडाळून आडवा ठेवलेला अंक श्वास घेतो.

पानसुपारी
कसर लागली असेल तर काय? डांबराच्या गोळ्या?

तुळशीवृंदावन
आम्ही वेखंड आणि कडुनिंबाचा पाला ठेवतो.

इंद्रायणी_भात
वेखंडाने नवीन कीड जरा लांब राहत असेल, पण आत शिरलेली मरत नाही. डांबराच्या गोळ्या तर माणसालाही चांगल्या नाहीत, बंद खोलीत मुळीच ठेवू नका. मी फ्रीझर वापरते. अंक पॉलिथीनच्या पिशवीत घालायचा, हवा काढून टेपने सील करायचा, उणे अठराला दोन आठवडे. अळी, अंडी, सगळं मरतं. बाहेर काढल्यावर चोवीस तास पिशवी उघडायची नाही, नाहीतर बाहेरची वाफ थंड कागदावर जमते. भिजलेल्या किंवा चिकटलेल्या अंकांवर हा प्रयोग घरी करू नका.

मागच्या महिन्यात सासूबाईंनी मटार समजून पिशवी काढली आणि हाती 'हंस' आला. आता फ्रीझरच्या दाराला चिठ्ठी आहे: डावीकडे भाजी, उजवीकडे साहित्य.

पानसुपारी
उजवीकडे साहित्य!! हे घराच्या दारावर लावायला हवं.

न्यूजर्सीकर
स्कॅन झाल्यावर नेटवर टाका की, आम्हा लांबच्या लोकांना वाचता येईल. माझी आई 'सत्यकथा'वर वाढली, इथे एक अंक मिळत नाही.

वकिली_नजर
इथे जरा थांबा. स्कॅन करून स्वतःजवळ ठेवणं आणि जगाला वाटणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे लेखकाचा हक्क त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतो, आणि ती मोजायची मृत्यूच्या पुढच्या १ जानेवारीपासून. पूर्वी ५० होती. रवींद्रनाथांचं निधन १९४१ चं, त्यांचे हक्क १९९१ अखेर संपत होते, तेव्हा ती ६० झाली. साने गुरुजी १९५० साली गेले, म्हणून त्यांचं लेखन १ जानेवारी २०११ पासून खुलं. दलाल १९७१ साली गेले, त्यांच्या चित्रांचा हक्क २०३१ च्या अखेरीपर्यंत आहे. म्हणजे एकाच अंकातली एक कविता खुली आणि मुखपृष्ठ बंद असं होऊ शकतं. मासिकाचं वय बघून चालत नाही, प्रत्येक लेखक वेगळा बघावा लागतो. टोपणनावाने किंवा निनावी छापलेलं असेल आणि लेखक कोण ते पुढेही उघड झालं नसेल, तर प्रकाशनापासून ६० वर्षं.

ना-नफा तत्त्वावरच्या सार्वजनिक ग्रंथालयाला, त्याच्याकडे छापील प्रत असेल तर, जतनासाठी डिजिटल प्रत ठेवायची मुभा २०१२ च्या दुरुस्तीने दिली आहे. ही सवलत ग्रंथालयाला आहे, घराला नाही. संग्रह ग्रंथालयाला देण्याच्या बाजूचा हा एक चांगला मुद्दा.

न्यूजर्सीकर
समजलं, धन्यवाद. मग निदान यादी तरी टाका! कोणत्या अंकात कोणाची कथा आहे एवढं कळलं तरी कुठे शोधायचं ते समजेल.

आणेवारी
+१. यादीवर कोणाचा हक्क आड येत नाही.

आणि यादी करताना शोधाचा विचार करा. १९६२ च्या शुद्धलेखनाच्या नियमांआधी 'कांहीं', 'घरांत', 'माझें' असं लिहीत. 'किर्लोस्कर' मासिकांत तर सावरकरी बाराखडी होती, 'इ', 'उ', 'ए' ऐवजी 'अि', 'अु', 'अे'. नंतर कोणी 'काही' किंवा 'इमारत' शोधलं तर सापडणारच नाही. म्हणून शीर्षक जसं छापलंय तसं एका रकान्यात आणि आजच्या लेखनात दुसऱ्या रकान्यात, असं दोनदा लिहा. कष्ट वाढतात, पण यंत्राने अक्षरं वाचून घेतली तरी हा घोळ माणसालाच निस्तरावा लागतो.

चौकटराजा
मी जरा विरोधी सूर लावतो. सगळंच कशाला जपायचं? 'किशोर'चे १९७१ पासूनचे अंक बालभारतीने स्वतःच नेटवर मोफत ठेवले आहेत. 'सत्यकथा' मोठ्या ग्रंथालयांत आहे. मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय १८९८ पासून आहे, ठाण्याचं त्याहून पाच वर्षं जुनं. जे तिथे आहे त्यावर एका माणसाने आयुष्याचे दोन महिने का घालवायचे? जे दुर्मीळ आहे तेवढंच ठेवा.

शिळाप्रेस
चौकटराजा, प्रश्न योग्य आहे. उत्तर असं की दुर्मीळ काय आहे हे यादी झाल्याशिवाय कळत नाही. माझा अनुभव सांगतो, नामांकित मासिकं टिकतात कारण सगळे ती जपतात. जातात ती गावोगावची. जिल्ह्याच्या छापखान्यात निघालेलं, सहा अंकांत बंद पडलेलं मासिक. शाळेचं वार्षिक. व्यापारी मंडळाचा दिवाळी अंक. ट्रंकेच्या तळाशी तेच असतं आणि सगळ्यात आधी तेच फेकलं जातं.

मलपृष्ठ
आणि ग्रंथालयातली प्रत आहे म्हणजे अंक आहे असं समजू नका. वर लिहिलं तसं, ती प्रत मुखपृष्ठाविना असू शकते.

गोदाकाठ
मंडळी, बारा दिवसांनी येतेय. यादी २९० पर्यंत आली. रात्री नऊ ते अकरा, मुलगी सांगते आणि मी लिहिते. भाऊ शनिवारी आला आणि रविवार संध्याकाळपर्यंत उठला नाही. 'आवाज'च्या खिडकीच्या चित्रांची पानं त्यानेच लहानपणी फाडली होती, ती कुठली ते आठवून आठवून सांगत होता. ते सगळं 'गहाळ' रकान्यात गेलं.

शिळाप्रेस काका, तळाशी तुम्ही म्हणालात तेच निघालं. नाशकातच छापलेली चार पातळ मासिकं, ज्यांची नावं मी कधी ऐकली नव्हती.

गंजलेल्या पिना काढायला घेतल्या आहेत. आधी पिनेचे पाय मागून नखाने उभे करायचे, मग पुढून अलगद उचलायचं. ओढलं की गंजाभोवतीचा कागद टिकलीएवढा तुटून येतो, हे पहिल्या दोन अंकांवर शिकले. फाटलेल्या कडांना गव्हाची खळ आणि पातळ जपानी कागद लावायचा असं एका संवर्धकांनी दाखवलं. सेलोटेप कुठेही नाही. आजोबांनी १९६८ मध्ये लावलेल्या टेपचा डिंक तपकिरी होऊन पलीकडच्या पानापर्यंत उतरलाय.

एक विचारायचं होतं. नोंद क्रमांक १९२, 'स्त्री', १९४१. त्यातलं ४३-४४ हे पान कात्रीने अगदी सरळ कापून काढलंय. बाकी अंक स्वच्छ आहे. कोणाकडे आहे का हा अंक?

कृष्णाकाठ_सांगली
महिना कुठला? माझ्याकडे त्या वर्षाचे पाच अंक वरच्या फळीवर होते म्हणून वाचले.

गोदाकाठ
जानेवारी.

कृष्णाकाठ_सांगली
आहे. खालच्या कोपऱ्यावर ओल आलेली आहे पण वाचता येतं. ४३ वर बाळाच्या लोकरीच्या स्वेटरची वीण आहे, टाक्यांच्या हिशेबासकट. ४४ वर एका लेखाचा शेवट. फोटो पाठवला आहे, बघा.

गोदाकाठ
मिळाला. बाबांचा जन्म १९४१ च्या मार्चमधला. आत्ता आत्याला फोन केला, ती म्हणाली, फिकट पिवळा स्वेटर होता, पुढे तिलाही तोच घातला होता.

पानाची छापील प्रत काढून त्या अंकात सुटी ठेवतेय, चिकटवत नाही. १९२ च्या ओळीत लिहिलं: 'पान ४३-४४ कात्रीने कापलेले, आजीने, वीण उतरवण्यासाठी. मजकूर सांगलीच्या प्रतीवरून.' कृष्णाकाठ, तुमच्या वाचलेल्या एकशेदहांची यादीही द्या ना. माझ्याकडे 'दीपावली'चे सहा अंक आहेत, तुमच्या ठोकळ्यात अडकलेलं वर्ष त्यात आहे का ते बघते.